शहा तुर्कीत लिहितो, सुलतान फारसीत

फारसी शिकायला गेलो तो जुने कागद वाचता यावेत म्हणून. आदिलशाही फर्मानं, मोगली अखबार, पेशवाईतली पत्रं यांची फारसी साचेबंद असते. मायने, शिक्के, तारखा आणि ठरलेले शे-दोनशे शब्द हाताशी आले की काम भागतं. पण शिकवणाऱ्या सरांची अट होती : आधी सादीची ‘गुलिस्तान’, मग कागद. हिंदुस्थानातला मुन्शी पिढ्यान्‌पिढ्या याच पुस्तकावर तयार झाला, असं ते सांगत. ‘गुलिस्तान’ १२५८ साली शीराजमध्ये लिहून झाली. त्याच वर्षी मंगोलांनी बगदाद बेचिराख केलं, आणि इकडे सादी राजे, दरवेश, व्यापारी, चोर यांच्या खुसखुशीत गोष्टी सांगत बसलेला. हा माणूस मला सोडवेना. कागद मागे पडले ते पडलेच.

हल्ली ओळखीतली तरुण मंडळी ‘या फारसी-तुर्की कवितेत शिरायचं तर कुठून?’ असं विचारतात. त्यांना तोंडी सांगतो तेच इथे लिहून काढतोय. सगळे मुद्दे सारख्या वजनाचे नाहीत. काही दोन ओळींतच संपतात.

१. दोन भाषांची दोन कपाटं करू नका

इराणचा शहा इस्माईल आणि उस्मानी सुलतान सलीम यांची १५१४ साली चाल्दिरानला लढाई झाली. तोफांच्या जोरावर सलीम जिंकला आणि तबरीझपर्यंत जाऊन आला. इतिहासाच्या पुस्तकात हे प्रकरण ‘इराण विरुद्ध तुर्क’ असं येतं. आता दोघांच्या कविता काढून बघा. इराणचा शहा ‘खताई’ या तखल्लुसाने तुर्कीत लिहितो, आणि तुर्कांच्या सुलतानाचा दिवाण, म्हणजे कवितासंग्रह, फारसीत आहे!

भाषावार प्रांतरचनेत वाढलेल्या माणसाला हे पचायला वेळ लागतो. एक भाषा, एक मुलूख, एक साहित्य असा हिशेब आपल्या अंगवळणी पडलेला असतो. फारसी ही मराठीच्या दूरच्या नात्यातली. तुर्की कूळ निराळंच : इस्तंबूलची तुर्की, बाकू-तबरीझची अझरबैजानी, उझबेक, तुर्कमेन, कझाख, किर्गिझ या सगळ्या त्या कुळातल्या बहिणी. व्याकरणाच्या दृष्टीने दोन कुळांचा एकमेकांशी संबंध नाही. पण महमूद गझनवी तुर्क, सेल्जुक तुर्क, तैमूरचे वंशज तुर्क. यांच्या छावणीत आणि जनानखान्यात तुर्की चाले, दफ्तरात आणि मैफलीत फारसी. गंजा शहरातला निजामी (११४१–१२०९) फारसीचा केवढा मोठा कवी. त्याची लाडकी बायको आफाक ही किपचाक तुर्क, दरबंदच्या अमिराने भेट म्हणून पाठवलेली दासी. ती लवकर गेली. ‘खुस्रो-शीरीन’च्या शेवटी शीरीनच्या मरणाशी येतो तेव्हा निजामीला आफाक आठवते, आणि तसं तो लिहून ठेवतो.

फुजूली याच्याही पुढचा. बयात या तुर्कमेन टोळीतला. जन्म गेला इराकात, बगदाद-कर्बलाच्या परिसरात. मृत्यू १५५६ साली. तुर्की, फारसी आणि अरबी अशा तिन्ही भाषांत त्याने कविता केली. सुलतान सुलेमानने बगदाद घेतल्यावर त्याला दिवसाला नऊ अक्चे तनखा मंजूर झाला, पण वक्फच्या कचेरीने तो हातात पडू दिला नाही. त्यावर फुजूलीने लिहिलेलं तक्रारपत्र तुर्की गद्याचा नमुना म्हणून आजही वाचलं जातं. आपल्याकडे पेन्शनीसाठी हेलपाटे घातलेल्या कोणालाही ते ओळखीचं वाटेल.

हेरातचा अलीशेर नवाई (१४४१–१५०१) यात ठिणगी टाकतो. तुर्की ही शिपायांची बोली, कवितेला फारसीच हवी, असा तेव्हाचा समज. नवाईला फारसी उत्तम येत होती. ‘फानी’ या नावाने त्याने फारसीत दिवाण लिहिलाय. तरी १४९९ साली त्याने ‘मुहाकमतुल्लुगतैन’ हा छोटा ग्रंथ लिहून तुर्कीची वकिली केली आणि फारसीत तोड नाही अशी शंभर तुर्की क्रियापदं मांडून दाखवली. गंमत म्हणजे फारसीचा त्या काळचा सर्वांत मोठा कवी जामी हा नवाईचा गुरू आणि जिवलग. दोघांत कधी बिनसलं नाही.

बाबराने आत्मचरित्र लिहिलं ते नवाईच्याच तुर्कीत, म्हणजे चगताईत. नातवाच्या दरबारात ती भाषा वाचणारे कमी उरले, म्हणून १५८९ साली अकबराने ‘बाबरनामा’ फारसीत करवून घेतला. भाषांतर करणारा कोण? अब्दुर्रहीम खानखानान. शाळेत हिंदीच्या पुस्तकात ज्याचे दोहे आपण घोकले तोच रहीम. एका माणसाच्या हाताखालून तुर्की, फारसी आणि ब्रज अशा तीन भाषा गेल्या.

तेव्हा फारसी थोडी आली की तुर्कीला लगेच हात घाला. फुजूलीच्या गझलेत क्रियापदं आणि प्रत्यय तुर्की असतात, नामं निम्म्याहून अधिक फारसी-अरबी. रदीफ, काफिया, मतला, मक्ता सगळं तेच. व्याकरणाची एक पातळ वही पुरते.

२. गोष्ट एक धरा आणि कवी बदलत राहा

सुरुवातीला मी कवी एकेक करून वाचत होतो : आधी सगळा हाफिज, मग सगळा निजामी. त्यातून थकवा आला. एका इराणी विद्यार्थ्याने (पुण्यात त्या काळी ते पुष्कळ असत) दुसरी रीत सांगितली. गोष्ट एकच घे, म्हणाला, आणि ती कोणी कोणी सांगितली ते बघत जा.

त्याचं कारण असं की या कवितेत नव्या कथानकाला फारसं मोल नाही. आधीच्या उस्तादाच्या काव्याला त्याच छंदात, त्याच कथेवर ‘जवाब’ द्यायचा, यात कवीची खरी परीक्षा. तुर्कीत याला नजीरा म्हणतात. निजामीने पाच मस्नव्या, म्हणजे दीर्घकाव्यं, लिहिली, त्यांचा ‘खम्सा’ झाला. सुमारे शंभर वर्षांनी दिल्लीत अमीर खुस्रोने १२९८ ते १३०१ या काळात पाचही मस्नव्यांना जवाब दिला. जामीने सात लिहिल्या. नवाईने १४८३ ते १४८५ मध्ये पाच तुर्कीत लिहून काढल्या. हा पाच-पाचांचा खेळ चार शतकं चालला.

मी शीरीन-फरहादची गोष्ट धरली. निजामीच्या काव्यात नायक खुस्रो परवेझ हा सासानी राजा आहे आणि फरहाद मधल्या काही प्रकरणांपुरता येणारा पाथरवट. शीरीनच्या महालापर्यंत डोंगरातल्या कुरणावरून दूध यावं म्हणून तो दगडात पन्हळ कोरतो. तिच्यावर त्याचा जीव जडतो. राजा त्याला बेसुतूनचा डोंगर फोडायला लावतो, आणि डोंगर खरंच फुटणार असं दिसताच शीरीन मेल्याची खोटी बातमी पाठवतो. फरहाद तिथेच संपतो. पण हे सगळं होऊनही काव्य फरहादचं होत नाही. ते शीरीनचं आहे. खुस्रो दारू पिऊन, दुसऱ्या बायका करून तिच्या दाराशी येतो. ती गच्चीवरून बोलते, दार उघडत नाही. बाराव्या शतकातला पुरुष कवी बाईला इतका स्वाभिमान आणि इतकी वाक्चतुर भाषा देतो, हे वाचताना मला दर वेळी आफाकची आठवण होते.

नवाईकडे आलात की पारडं फिरतं. काव्याचं नावच ‘फरहाद आणि शीरीन’. फरहाद चीनच्या खाकानाचा मुलगा होतो; राजपुत्र असून छिन्नी-हातोडा हौसेने शिकलेला. खुस्रो सरळ खलनायक. नवाई स्वतः वजिरीच्या पदावर होता. मदरसे, सराया, पूल, हमामखाने बांधण्यात त्याने पैसा ओतला. बांधणाऱ्याला नायक करावंसं वाटणं मला अगदी स्वाभाविक वाटतं, जरी शीरीन त्यात थोडी फिकी पडली.

मग एकदम विसाव्या शतकात या. तुर्कस्तानचा नाझिम हिकमत बुर्साच्या तुरुंगात आहे. १९४८ साली तिथे बसून तो याच कथेवर नाटक लिहितो. आता डोंगर फोडायचा तो तहानलेल्या शहराला पाणी मिळावं म्हणून. दुधाची पन्हळ गेली, लोकांची विहीर आली. प्रेयसी समोर उभी असताना फरहाद डोंगर सोडत नाही. या नाटकावर अझरबैजानी संगीतकार आरिफ मेलिकोव्हने बॅले रचला, तो १९६१ साली लेनिनग्राडला रंगमंचावर आला. केर्मानशाहजवळ बेसुतूनच्या कड्यावर तासून गुळगुळीत केलेली एक अर्धवट भिंत आहे. पुराणवस्तुवाले तिचा काळ ठरवोत, गावकरी तिला फरहादचीच म्हणतात.

आणि यात मुंबईही आहे. पहिला फारसी बोलपट ‘दुख्तर-ए-लोर’ १९३३ साली मुंबईत इम्पीरियल फिल्म कंपनीत तयार झाला. कंपनीचे मालक अर्देशीर इराणी, जन्म पुण्याचा. ‘आलम आरा’वाले तेच. पटकथा आणि मुख्य भूमिका अब्दुल हुसेन सपन्ताची. पाठोपाठ सपन्ताने मुंबईतच ‘शीरीन-फरहाद’ काढला आणि तो इराणात दाखवला गेला.

मूळ भाषा येत नसेल तरी चालेल. मिळतील ती भाषांतरं घ्या आणि तीनच गोष्टी टिपा : नायक कोण, डोंगरातून काय वाहतं, शेवटी कोणाला कशासाठी मरण येतं. पाचशे पानांच्या वाङ्मयेतिहासातून जे उमगणार नाही ते यातून उमगतं.

३. छंद बोटांवर मोजून बघा

अरबी-फारसी कवितेचं गणित लघु-गुरूंवर चालतं, त्याला अरूज म्हणतात. आपल्याकडे अक्षरगणवृत्तं असल्याने ते कानाला परकं वाटत नाही. मराठी माणसाला इथे फुकटचा फायदा आहे आणि तो त्याने घ्यावा. माधव जूलियनांची ‘छंदोरचना’ ज्याने चाळली आहे त्याला निम्मं काम झाल्यासारखंच.

तुर्कीची अडचण निराळी. अस्सल तुर्की शब्दांत दीर्घ स्वर जवळजवळ नाहीत. मग अरूजात बसवायचं तर ऱ्हस्व स्वर ओढून लांबवावा लागतो. जाणकार याला दोष मानत, तरी सगळेच तो करत. खेड्यापाड्यांतले कवी या भानगडीत पडले नाहीत. त्यांचा हिशेब अक्षरांचा : ओळीत सात, आठ किंवा अकरा. याला तिथे बोटांचा हिशेब असंच नाव आहे. अभंगाचं ६-६-६-४ आपणही बोटांवरच मोजतो. म्हणून आमच्या छोट्या वाचनमंडळात मी पहिला तुर्की कवी घेतो तो यूनुस एम्रे. तेरावं-चौदावं शतक, अनातोलियातला दरवेश. ज्या काळात कोन्यात बसून रूमी फारसीत सांगत होता, त्याच काळात त्याच मुलखात यूनुस शेतकऱ्यांच्या तुर्कीत गात होता. दोघांत मोठा कोण, असं मला कोणी विचारलं तर मी उत्तर टाळतो; पण पाठ कोण राहतो याचं उत्तर सरळ आहे.

त्याची एक दंतकथा सांगतात. मुल्ला कासिम नावाचा कर्मठ नदीकाठी यूनुसच्या कवितांचं बाड घेऊन बसला. एकेक वाचायचा, धर्मबाह्य म्हणायचा. हजार त्याने जाळल्या, हजार पाण्यात सोडल्या. पुढची उघडली तर तीत त्याचंच नाव, की असा एक मुल्ला येईल आणि तुला जाब विचारील! तेव्हा तो थांबला. जळालेल्या कविता देवदूत गातात, बुडालेल्या मासे गातात आणि उरलेल्या माणसं, असं लोक म्हणतात. मंडळात ही कथा सांगितली की कोणीतरी इंद्रायणीचं नाव घेतंच. घेऊ द्यावं. दोन्हीकडे शास्त्र्यांना कविता खटकली होती आणि दोन्हीकडे लोकांनी कवी सांभाळला.

४. नावावर भुलू नका

उमर खय्याम (१०४८–११३१) हयातीत प्रसिद्ध होता तो गणिती आणि ज्योतिषी म्हणून. १०७९ सालचं जलाली पंचांग ज्यांनी सिद्ध केलं त्यांत तो होता. रुबाया त्याच्या नावावर वाढत गेल्या. ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयात १४६० सालची एक प्रत आहे, तीत १५८ रुबाया आहेत. फिट्झजेराल्डने १८५९ साली इंग्रजी केलं ते प्रामुख्याने हिच्यावरून. १८९७ मध्ये झुकोव्स्की या रशियन पंडिताने दाखवून दिलं की खय्यामच्या म्हणून चालणाऱ्या ८२ रुबाया इतर कवींच्या दिवाणांतही सापडतात. तेव्हापासून खरा खय्याम किती, हा वाद मिटलेला नाही.

माधव जूलियन या बाबतीत फार सावध होते. ते फारसीचे प्राध्यापक, आधी पुण्याला फर्ग्युसनमध्ये, नंतर कोल्हापूरला राजाराम महाविद्यालयात. १९२५ साली त्यांनी फारसी-मराठी कोश तयार केला. फारसीवरून केलेल्या रुबाया त्यांनी १९२९ साली वेगळ्या काढल्या आणि फिट्झजेराल्डवरून केलेली ‘द्राक्षकन्या’ १९३१ साली वेगळी. मूळ खय्याम आणि इंग्रजी खय्याम ही दोन माणसं आहेत हे मराठी वाचकाला त्यांनी शंभरेक वर्षांपूर्वी असं पुस्तकांच्या रूपानेच दाखवून दिलं. आज मोबाइलवर रोज सकाळी ‘रूमी’च्या नावाने जे सुविचार येतात ते पाठवणाऱ्यांना मी हीच दोन पुस्तकं सुचवतो. त्या इंग्रजी ओळींतल्या बऱ्याचशा कोलमन बार्क्स या अमेरिकन कवीच्या मोकळ्या रूपांतरांतून आलेल्या असतात. बार्क्सना फारसी येत नव्हती, जुन्या इंग्रजी भाषांतरांवरून ते काम करत आणि तसं सांगतही. त्यांच्या रूमीतून कुराण, हदीस, फिकह बरंचसं गळून गेलं. रूमीच्या मस्नवीची सहा दफ्तरं, म्हणजे भाग, आणि पंचवीस हजारांवर बैत आहेत. त्यांत पांचट विनोद आहेत, गाढवं आहेत, काजी-कोतवाल आहेत आणि पानोपानी कुराण आहे. निकल्सनने केलेलं तिचं इंग्रजी भाषांतर कोरडं आहे, पण त्यात माणूस अख्खा भेटतो.

५. लिपी गेली की काय जातं ते आपल्याला ठाऊक आहे

तुर्कस्तानने १९२८ साली अरबी लिपी सोडून रोमन घेतली. सोव्हिएत अझरबैजानात विसाच्या दशकात रोमन आली, १९३९ मध्ये सिरिलिक, १९९१ नंतर पुन्हा रोमन. ताजिकी म्हणजे फारसीच. तीही आधी रोमनमध्ये आणि १९४० पासून सिरिलिकमध्ये. बाकू आणि तबरीझ एकाच भाषेत बोलतात आणि एकमेकांचं छापील पान सहज वाचू शकत नाहीत. आजोबांचं मोडी दफ्तर माळ्यावर ठेवून बसलेल्या मराठी घरांना यात नवं काही नाही.

पण एक उपयोगाची गोष्ट सांगतो. फारसी लिपीत ऱ्हस्व स्वर लिहीत नाहीत, त्यामुळे नवशिक्या अडतो. दुशान्बेला सिरिलिकमध्ये छापलेला हाफिज मिळाला तर सोडू नका. त्यात प्रत्येक स्वर लिहिलेला असतो. उच्चार ताजिकी धाटणीचे आहेत, पण छंद पकडायला त्याइतकं सोयीचं दुसरं साधन मला सापडलं नाही.

६. आधी ऐका

शीराजला हाफिजच्या कबरीवर गेलो तेव्हा संध्याकाळ होती. आठ खांबांचा मंडप, वर दरवेशाच्या टोपीसारखा घुमट. फ्रेंच वास्तुविशारद आंद्रे गोदारच्या आराखड्यावरून १९३५ साली बांधलेला. दगडावर गझल कोरलेली आहे. माणसं येत होती, दोन बोटं दगडावर टेकवून पुटपुटत होती. शाळेतली पोरं, सैनिक, एक टॅक्सीवाला. आणि कोणाच्याच हातात पुस्तक नव्हतं. यल्दाच्या, म्हणजे वर्षातल्या सर्वांत लांब रात्री घरोघर हाफिजचा दिवाण उघडून फाल, म्हणजे शकुन, काढतात. सुमारे पाचशे गझला एवढाच त्याचा पसारा, पण तो गळ्यात आहे.

म्हणून वाचण्याआधी ऐका, असं मी आग्रहाने म्हणतो. शजरियानने गायलेला हाफिज ऐका. शजरियान २०२० मध्ये गेले आणि त्यांना तूस इथे फिरदौसीच्या शेजारी जागा मिळाली. गायकाला कवीशेजारी पुरणं यातच सगळं आलं. अझरबैजानी गायक आलिम कासिमोवच्या मुगाममध्ये, म्हणजे तिथल्या रागदारीत, फुजूली ऐका. १९०८ साली बाकूत उझेयिर हाजीबेयलीने ‘लेली-मजनून’ हा ऑपेरा बसवला तो फुजूलीच्याच शब्दांवर आणि मुगामवर. बुखाऱ्याच्या शशमकाममध्ये एकाच बैठकीत ताजिकी आणि उझबेक गझला एकामागून एक येतात. पहिल्या मुद्द्यात मी जे पानभर सांगितलं ते तिथे अर्ध्या तासात कानावर पडतं. आशिक वेयसेल ऐका : सिवासजवळच्या खेड्यातला, देवीने लहानपणीच दृष्टी गेलेला, साझवर गाणारा, १९७३ साली गेला.

आणि ‘मनस’. किर्गिझांचं हे महाकाव्य पाठांतराने चालत आलं. सयाकबाय करालायेव या मनसचीकडून उतरवून घेतलेला पाठ सुमारे पाच लाख ओळींचा आहे. फिरदौसीच्या ‘शाहनामा’चे पन्नास हजार बैत म्हणजे एक लाख ओळी; ‘मनस’ त्याच्या पाचपट. अर्थ कळत नसला तरी दहा मिनिटं ऐकावं. सात-आठ अक्षरांच्या ओळींनी माणूस घोड्यावर बसल्यासारखा हलायला लागतो.

७. कवी कोणाचा, या वादात वेळ घालवू नका

रूमी जन्मला बल्खच्या बाजूला, वाढला वाटेत, मेला १२७३ साली कोन्यात, लिहिलं फारसीत. अफगाण, इराणी आणि तुर्क तिघेही त्याला आपला म्हणतात. निजामी गंजाचा, म्हणून बाकूत त्याचा भव्य पुतळा. तेहरानला ते खटकतं, कारण ओळन्‌ओळ फारसी. मला विचाराल तर पुतळे सगळ्यांनी उभारावेत. अधिक पुतळे म्हणजे अधिक पोरं विचारणार, हा कोण. ताश्कंदच्या भुयारी रेल्वेत नवाईच्या नावाचं स्टेशन आहे आणि त्याच्या काव्यांतले प्रसंग भिंतींवर आहेत. गाडीची वाट बघताना मी तिथे फरहाद शोधला होता.

८. हाफिजपाशी थांबू नका

आपल्याकडची फारसीची हौस बहुधा चौदाव्या शतकात संपते. ही मोठी गैरसोय आहे. नीमा यूशिजने १९२२ साली ‘अफसाने’ लिहून जुनी चौकट सैल केली, पुढे मोडलीच. शामलूने छंदच टाकला. फुरूग फर्रुखजाद बत्तीसाव्या वर्षी, १९६७ मध्ये, मोटार अपघातात गेली. त्याआधी तिने बाईच्या शरीराबद्दल आणि एकटेपणाबद्दल असं लिहून ठेवलं की तेहरानच्या सभ्य घरांत तिचं नाव खालच्या आवाजात घेत. तबरीझच्या कुष्ठरोग्यांच्या वसाहतीवर तिने एक लघुपट केला आहे, तो कवितेइतकाच बघण्यासारखा. एकच आधुनिक कवी वाचायचा असेल तर मी फुरूगचं नाव घेईन.

इस्तंबूलच्या ओरहान वेलीने १९४१ साली दोन मित्रांबरोबर ‘गरीप’ हा छोटासा संग्रह काढला आणि बुलबुल-गुलाबांना सुट्टी दिली. कवितेत पायाला चावणारे बूट आले, नोकरदार माणूस आला. १९५० साली अंकाऱ्यात रस्त्यावर खोदून ठेवलेल्या खड्ड्यात पडून त्याला मार लागला आणि काही दिवसांतच, छत्तिसाव्या वर्षी, तो गेला.

आणि शहरयार (१९०६–१९८८). तबरीझचा हा कवी फारसी गझलेत हाफिजच्या गादीवरचा मानला जाई. आईला मात्र मुलाची फारसी कळेना. तुझं हे मोठेपण माझ्या काय कामाचं, असं ती म्हणाली म्हणतात. मग त्याने बालपणीच्या गावाजवळच्या हैदरबाबा या टेकडीला उद्देशून मायबोली अझरबैजानीत, अकरा अक्षरी ओळींत दीर्घ कविता लिहिली. १९५४ साली ती तबरीझला छापली गेली आणि इराणात, बाकूत, तुर्कस्तानात लोकांनी ती पाठ केली. इराणात त्याच्या पुण्यतिथीला राष्ट्रीय काव्यदिन असतो. इराणचा काव्यदिन तुर्कीत आईसाठी लिहिणाऱ्याच्या नावाने, दोन भाषांची दोन कपाटं नसल्याचा यापेक्षा चांगला पुरावा मला नको.

९. विमानाच्या तिकिटाआधी एसटीने जाऊन या

बहमनी सुलतान दुसरा मुहम्मद याने हाफिजला दख्खनला बोलावलं होतं. इतिहासकार फरिश्ता सांगतो की हाफिज होर्मुझपर्यंत आला, जहाजावर चढला, वादळ पाहून उतरला आणि स्वतःऐवजी एक गझल पाठवून शीराजला परतला. तो आला नाही, पण इतर पुष्कळ आले. कवी जुहूरी खुरासानातून अहमदनगरला आला, बुऱ्हाण निजामशहासाठी त्याने ‘साकीनामा’ लिहिला आणि नंतर विजापूरला इब्राहिम आदिलशहाकडे गेला. ‘मखफी’ या नावाने फारसीत लिहिणारी औरंगजेबाची लेक झेबुन्निसा १६३८ साली दौलताबादला जन्मली. अमीर खुस्रोचा मित्र, दिल्लीकर गझलेचा दुसरा मोठा उस्ताद अमीर हसन सिजझी तुघलकाच्या राजधानीबरोबर दौलताबादला आला तो परत गेलाच नाही. निजामुद्दीन औलियांची वचनं ज्याने ‘फवाइदुल्फुआद’मध्ये टिपून ठेवली तोच हा. आझाद बिलग्रामी औरंगाबादला राहिला, फारसी कवींची चरित्रं लिहीत राहिला, १७८६ साली वारला. हसन आणि आझाद दोघेही खुलताबादला आहेत.

वेरूळ पाहून आलेल्या गाड्या खुलताबादला औरंगजेबाच्या कबरीपाशी थांबतात आणि तिथूनच माघारी फिरतात. पुढच्या खेपेला अर्धा तास हाताशी ठेवा, अमीर हसनची कबर कुठे आहे ते गावात विचारा आणि जाऊन या.